सनीव्हेलमधला नापसंत नवरदेव

मी सांगलीचा. कुणी विचारलं नाही तरी हे मी सांगतो, आणि ऐंशीच्या दशकात, सनीव्हेलला नवा होतो तेव्हा, तर जरा जास्तच सांगायचो. सांगलीला नाट्यपंढरी म्हणतात. तेव्हा तिथे जन्मलेल्या माणसाला नाटक वेगळं शिकावं लागत नाही, असं माझं ठाम मत होतं. प्रत्यक्षात सांगलीत मी एकाच नाटकात काम केलं होतं, कॉलेजच्या गॅदरिंगला. पहिल्या अंकात मला एक तार आणून द्यायची होती. तार मी वेळेवर आणली, फक्त नवऱ्याच्या हातात द्यायच्या ऐवजी बायकोच्या हातात दिली. तारेतला मजकूर नवऱ्याला पाठ होता, बायकोला नव्हता. ती बिचारी कोऱ्या कागदाकडे बघत उभी राहिली, आणि मी विंगेत जाऊन लोक एवढे का हसताहेत हे विचारत होतो.

सनीव्हेलमध्ये ही गोष्ट कुणाला ठाऊक नव्हती, हे अमेरिकेचे माझ्यावरचे मोठे उपकार. आमच्या मराठी मंडळाचा दिवाळीचा कार्यक्रम क्युपर्टिनोच्या एका शाळेच्या हॉलमध्ये व्हायचा आणि त्यात दर वर्षी एक नाटक असायचं. ते मी लिहायचो, मीच बसवायचो आणि मुख्य कामही मीच करायचो. याचं कारण प्रतिभा, असं मी समजत होतो. बायको म्हणायची, बाकीच्यांना वेळ नसतो. नाटक संपलं की टाळ्या जोरात पडायच्या, पण जेवण नाटकानंतर असायचं, हेही खरं.

ऑफिसात माझ्या शेजारच्या क्युबिकलमध्ये एक ग्रीक बाई बसायची. माझ्याच वयाची, अथेन्सहून शिकायला आलेली आणि मग इथेच राहिलेली, म्हणजे आमच्यासारखीच. एका सोमवारी तिने विचारलं, तुम्हा इंडियन लोकांकडे म्हणे कुठल्याही देशाची कॅसेट चालवणारा व्हीसीआर असतो? असतो, मी छाती फुगवून म्हणालो. तिकडची कॅसेट इकडच्या व्हीसीआरवर लावली की नुसत्या रेघा दिसायच्या, म्हणून आमच्यापैकी बहुतेकांनी सोफा घेण्याआधी असा एक सर्वदेशीय व्हीसीआर घेतला होता. तिचे वडील नुकतेच ग्रीसहून आले होते. तिकडे ते सिनेमात कामं करायचे, सिनेमे लिहायचेही. येताना स्वतःच्या एका जुन्या सिनेमाची कॅसेट घेऊन आले होते आणि मुलीच्या घरी त्या कॅसेटच्या रेघा बघत बसले होते.

मग तिने खरी गोष्ट सांगितली. आई आदल्या वर्षी गेली होती. वडील तिथे एकटे. तिने त्यांना कायमचं राहायला म्हणून बोलावलं होतं, पण ते परतीचं तिकीट खिशात घालूनच आले होते. तिकीट ख्रिसमसनंतरचं होतं. तोवर त्यांना इथे करमलं तर ते राहतील, नाहीतर जातील, आणि एकदा गेले की पुन्हा यायचे नाहीत, याची तिला खात्री होती. सध्या ते दिवसभर बाल्कनीत बसून खालच्या पार्किंगमधल्या गाड्या बघत होते. अथेन्समध्ये रस्त्याने चालताना अजूनही कुणीतरी थांबवून हात मिळवतं, ती म्हणाली, इथे त्यांना कुणी ओळखत नाही, हे दुःख तुला कळायचं नाही. मला ते फारच चांगलं कळलं. मीही कलावंत होतो.

शनिवारी दुपारी ते दोघं आमच्याकडे आले. उंच, पांढऱ्या मिशांचे, कॅलिफोर्नियाच्या उन्हातही कोट घातलेले. आता आमच्या घरी आलेला पन्नाशीपुढचा कुठलाही पुरुष काका असतो, त्याला इलाज नाही. बायकोने दार उघडून "या काका, बसा" म्हटलं. पोरांनी "हाय काका" केलं. मी विचारलं, काका, चहा घेणार? प्रत्येक वेळी त्यांचा चेहरा थोडा आणखी उतरत गेला, आणि त्यांची मुलगी मात्र हसता हसता सोफ्यावरून खाली घसरली. ग्रीकमध्ये लहान मूल ज्या कामासाठी आईला बाथरूमकडे ओढत नेतं, त्या कामाला काका म्हणतात.

माझ्या बायकोने कपाळाला हात लावला. पण दुसरं काय म्हणायचं तेही तिला सुचेना. मिस्टर म्हणणं तिच्या जिभेवर येईना, आणि घरी आलेल्या वडीलधाऱ्या माणसाला नावाने हाक मारणं तर शक्यच नव्हतं. हा सगळा पेच मुलीने त्यांना समजावून सांगितला. त्यांनी गंभीरपणे ऐकून घेतलं आणि म्हणाले, चालेल, पेपरवाल्यांनी मला याहून वाईट म्हटलेलं आहे. तेव्हापासून ते आमचे काका.

सिनेमा कृष्णधवल होता, खाली इंग्रजी अक्षरं वगैरे काही नाही. आम्ही बटाटेवडे खात बघत होतो. एक बेट, एक सुंदर मुलगी, एक कोळी, आणि मुलीच्या बापाबरोबर कोट घालून आलेला एक उंच तरुण. "हे बापाने आणलेलं स्थळ," बायकोने पहिल्या पाच मिनिटांत जाहीर केलं, आणि पुढची गोष्ट ती, भाषांतर करणाऱ्या काकांच्या मुलीच्या आधी, सांगत गेली. ऐन लग्नात नवरी कोळ्याच्या होडीत बसून पळाली. पाहुणे खुर्च्यांमधून अर्धवट उठले. उंच तरुण हातात फुलं घेऊन समुद्राकडे तोंड करून पाठमोरा उभा होता. मग तो वळला, पाहुण्यांकडे बघून एक वाक्य बोलला, आणि आमच्या सोफ्यावर बसलेल्या म्हाताऱ्या माणसाचे ओठ त्याच्याबरोबर हलले. वाक्य काय, ते मुलीने सांगितलं: बसा, जेवण गार होईल. माझ्या बायकोने डोळे पुसले आणि मला मराठीत म्हणाली, अशा वेळीसुद्धा लोकांच्या जेवणाची काळजी करणारा नवरा सोडून त्या कोळ्याबरोबर पळणारी पोरगी मूर्ख आहे. बोलताना तिने माझ्याकडे का बघितलं, हे मी विचारलं नाही.

पुढच्या शनिवारांमध्ये त्यांची कारकीर्द आम्हाला तुकड्यातुकड्याने कळत गेली. ऐन तारुण्यात ते एका सिनेमात नापसंत नवरदेव झाले. तो चालला, म्हणून दुसऱ्यातही झाले. मग जन्मभर तेच. हिरो कधी कोळी असायचा, कधी मेकॅनिक, कधी गायक, पण नवरी सोडून जायची ती यांनाच. लिहायला लागले तेही त्यातूनच. एका सिनेमाच्या मधोमध लेखक भांडून निघून गेला. नवरी पळाल्यावर नवरदेवाला सेटवर काही काम नसतं, म्हणून उरलेले सीन यांना लिहायला सांगितले. मग ते लिहीतच गेले, सकाळी लिहायचं आणि दुपारी तेच शूट व्हायचं. हातात लेखणी आल्यावर तरी तुम्ही एकदा लग्न का नाही लावून घेतलं, असं मी विचारलं. त्यांचं म्हणणं होतं की नवरी पळाली की कॅमेरा नवरदेवाच्या चेहऱ्यावर येतो, आणि लग्न लागलं की सगळ्यांचा मिळून एकच शॉट घेतात.

पुढे टीव्ही आला, थिएटरं पडून तिथे पार्किंग झालं, आणि काकांना चुकीचा नवरदेव शोधून आणणाऱ्या बापाची कामं मिळायला लागली. मग तीही बंद झाली. राहिलं ते एक वाक्य. अथेन्समध्ये ते ज्या खानावळीत जेवायचे तिथला वेटर ताट ठेवताना रोज म्हणायचा, बसा, जेवण गार होईल. सनीव्हेलमध्ये ते एकदा हॉटेलात गेले तर तिथली वेट्रेस च्युइंगम चघळत म्हणाली, स्मोकिंग की नॉनस्मोकिंग? हे सांगताना ते हसले, पण मुलगी हसली नाही.

त्यांना आमच्या नाटकाची तालीम बघायला बोलवायची कल्पना माझी. मुलीला वाटलं, हा किती विचार करतो. खरं म्हणजे सिनेमातल्या एका माणसाने माझं काम बघावं, बघून अवाक व्हावं, आणि अवाक झालेलं चार लोकांनी पाहावं, एवढीच माझी इच्छा होती. तालीम आमच्या अपार्टमेंटच्या क्लबहाऊसमध्ये, स्विमिंग पूलला लागून असलेल्या खोलीत व्हायची. काका आले, खुर्ची ओढून मधोमध बसले आणि पहिल्याच दिवशी, कुणी न सांगता, दिग्दर्शक झाले. मी भाव खाल्ला. आपलं नाटक इंटरनॅशनल झालं, असं मी दोघातिघांना फोन करून कळवलं.

त्या तालमींचं वर्णन मी आता करू शकतो, कारण त्यातले बरेचजण मला माफ करून बसले आहेत. मी एक वाक्य म्हणायचो. काका भुवया उंचावून हनुवटी झटक्यात वर करायचे. आपल्याकडे अशी मान केली की त्याचा अर्थ होतो: काय? मी समजायचो, वय झालंय, ऐकू कमी येतं. मग तेच वाक्य मोठ्याने म्हणायचो. हनुवटी पुन्हा वर. मग आणखी मोठ्याने. हिरॉइनचं काम करणारी नागपूरची डॉक्टरीण मुळातच खणखणीत बोलायची, ती तिसऱ्या वेळी अशी ओरडायची की पूलमधली पोरं वर येऊन बघायची. दुसरीकडे, माझ्या सासऱ्याचं काम करणारे एक मुंबईचे गृहस्थ चहाचा ट्रे घेऊन प्रवेश करायचे. काका खूश होऊन म्हणायचे, "ने, ने." गृहस्थ आज्ञाधारक. ते ट्रे घेऊन परत जायचे. पुन्हा यायचे. "ने, ने!" पुन्हा परत. शेवटी त्यांनी मला बाजूला घेऊन विचारलं, "अरे यार, माझी एन्ट्री कॅन्सल केलीय का? मला क्लियर सांग, मला वाईट वाटणार नाही."

सोमवारी ऑफिसात त्यांच्या मुलीने मला सांगितलं की बाबा फार विचारात पडलेत. त्यांच्या मते भारतीय नाटक प्राचीन असल्यामुळे त्यात प्रत्येक वाक्य तीनदा आणि चढत्या आवाजात म्हणायची पद्धत असावी. त्यामागचं कारण त्यांना कळलेलं नाही, पण परंपरेचा ते मान राखतात. फक्त चहाचा ट्रे इतक्या वेळा परत का जातो, ते तेवढं विचार. मग कॉफीच्या मशीनसमोर उभं राहून आम्ही दोघांनी ते कोडं सोडवलं. ग्रीक लोक हनुवटी वर करतात म्हणजे सरळ सरळ "नाही" म्हणतात. आणि "ने" म्हणजे "हो". तीन शनिवार जे जे त्यांनी नापसंत केलं होतं, तेच आम्ही त्यांच्या तोंडावर तीन-तीनदा ओरडून म्हटलं होतं. आठवून बघितलं तर सगळ्यात जास्त ओरडलो होतो मी.

नापसंतीत ज्याचा जन्म गेला, त्याने मला नापसंत करावं, हे मला लागलं. पण माझा हुकमी एक्का अजून बाकी होता. नाटकाच्या शेवटी, सासरे परत गेल्यावर, नायक खिडकीशी उभा राहून मातृभूमीविषयी बोलतो, असं एक तीन पानांचं स्वगत मी लिहिलं होतं. खिडकी म्हणजे फ्रिजचं खोकं कापलेलं होतं, पण भाषा अस्सल होती. त्याची सुरुवातच अशी होती: "आई, मी दूर असलो तरी त्या मातीचा कण न् कण माझ्या नसानसांतून वाहतो आहे!" पुढच्या शनिवारी मी ते म्हणायला लागलो. पहिल्याच वाक्याला हनुवटी वर गेली. आता अर्थ माहीत होता, म्हणून मी त्या बाजूला बघायचंच बंद केलं. काकांनी मला थांबवलं नाही. तीन पानं संपल्यावर त्यांनी विचारलं, हा कुणाशी बोलतोय? मी म्हणालो, मातृभूमीशी. त्यांनी बोट दाखवलं. माझी हिरॉइन मागे बसून ग्रोसरीचा विचार करत होती, आणि तो विचार मोठ्याने चालला होता.

मग ते उठून माझ्याजवळ आले. या माणसाला खरंच आई आहे का, त्यांनी विचारलं. म्हटलं, आहे, सांगलीला. तिच्याशी तो कसा बोलतो? मी माझंच सांगितलं, कारण दुसरं काही सुचलं नाही. दर शनिवारी संध्याकाळी मी फोन लावतो, तिकडे तेव्हा रविवारची सकाळ असते. घरी फोन नाही म्हणून आई शेजारच्या डॉक्टरांकडे येऊन बसते. लाइन खराब असते, दोघंही ओरडतो. ती काय विचारते? या वर्षी येताय ना, असं विचारते. मग तू काय म्हणतोस?

"बघू," मी म्हणालो.

त्याचा अर्थ त्यांनी विचारला. मी सांगितलं, वुई विल सी. म्हणजे जाणार की नाही जाणार? मी मान हलवली, आपण हलवतो तशी, या खांद्याकडून त्या खांद्याकडे. काका बराच वेळ माझ्या मानेकडे बघत राहिले. चार वर्षं झाली होती आम्हाला जाऊन. एकदा ग्रीन कार्डचं काम अडकलं, एकदा पोरांच्या परीक्षा, एकदा घर बदललं. त्यांनी माझ्या हातातली तीन पानं घेतली, नीट घडी घातली आणि कोटाच्या खिशात ठेवली.

"हे कुणीही लिहील," ते त्यांच्या तुटक्या इंग्रजीत म्हणाले. "तो एक शब्द ठेव. फोन, तो शब्द, पडदा."

घरी येऊन मी थयथयाट केला. ज्या माणसाला मराठीचं अक्षर कळत नाही, त्याने माझी तीन पानं कापावीत! बायको पोळ्या लाटत होती. ती म्हणाली, अहो, त्यांना न कळता कापावीशी वाटली, मला तर कळून वाटत होती. मी त्या रात्री जेवलो नाही, असं मला लिहायला आवडलं असतं, पण वांग्याचं भरीत होतं.

दिवाळीच्या कार्यक्रमाला हॉल भरला होता. विंगेत काका कोट-टाय घालून उभे, पहिल्या रांगेत त्यांची मुलगी. दोन अंक बरे गेले, ट्रे एकदाच आला. शेवटचा प्रवेश आला. मी फोन उचलला. हा आमच्या घरचाच फोन होता, वायर सोडवून आणलेला. आता "हॅलो आई" म्हणायचं, ऐकायचं, "बघू" म्हणायचं आणि ठेवायचं. पण समोर भरलेला हॉल बघितला आणि माझ्यातली सांगली जागी झाली. तीन पानं नाही, पण पहिलं एक वाक्य तरी घालू, त्याने काय बिघडतं, असं मी ठरवलं आणि फोनमध्ये म्हणालो, "आई, मी दूर असलो तरी त्या मातीचा कण न् कण माझ्या नसानसांतून वाहतो आहे!"

विंगेत हनुवटी वर गेली. त्याचा अर्थ "नाही" हे मला माहीत होतं. देवाशपथ माहीत होतं. पण तीन शनिवारांची सवय तोंडाला लागलेली. हनुवटी वर दिसली आणि मी तेच वाक्य मोठ्याने म्हणालो. हनुवटी आणखी वर, आणि "च्यक्" असा आवाज. मी ओरडलो, "माती! आई, माती! नसानसांतून!" हॉलमध्ये हशाचा स्फोट झाला. मागून कुणीतरी म्हणालं, "लाइन खराब आहे, कट करून परत लाव!" लोक पोट धरून हसत होते, कारण त्यातला प्रत्येकजण दर आठवड्याला फोनवर असाच बोंबलत होता, आणि भिंतीपलीकडचे अमेरिकन शेजारी ते ऐकत होते. मी मात्र घाबरून कोरा झालो. पुढे काय म्हणायचं ते आठवेना. फोन कानाला लावून नुसता उभा. हळूहळू हसू ओसरलं, आणि लोक वाट बघू लागले. समोरून आईने काय विचारलं असेल, हे तिथल्या कुणालाही सांगायची गरज नव्हती. मी अगदी खाली आवाजात म्हणालो, "बघू." आणि फोन ठेवला.

कुणी हसलं नाही. टाळीही नाही. पडदा ओढणारे दोघे पडदा ओढायचे विसरले. मग टाळ्या सुरू झाल्या त्या वेगळ्या होत्या, जेवणाच्या नव्हत्या. विंगेत काकांनी मला मिठी मारली. ते ओरडणं मी मुद्दाम योजलं होतं असं त्यांना वाटलं होतं, आणि लिहिण्यात आपण मला काही शिकवावं असं आता उरलं नाही, असंही ते म्हणाले. मी विनयाने मान खाली घातली. तो गैरसमज मी आजतागायत दूर केलेला नाही.

त्यानंतर काका आमच्यात प्रसिद्धच झाले. नाटकाचा शेवट त्यांचा, हे सगळ्यांना कळलं होतं. इंडियन ग्रोसरीच्या दुकानात लोक त्यांना थांबवून "काका, बघू!" म्हणायचे आणि तेही मान डुलवून "बगू" म्हणायचे. तो घ त्यांना शेवटपर्यंत जमला नाही, मान मात्र झकास जमली. आमच्या पोरांपेक्षा चांगली. कुणी जेवायला बोलावलं की "बगू". कुणी विचारलं हवा कशी आहे, तरी "बगू". बाल्कनीत बसणं बंद झालं. त्यांची मुलगी मला ऑफिसात हळूच म्हणाली की ते तिकीट आता ड्रॉवरमध्ये आहे, खिशात नाही. मी तिला म्हणालो, बघ, कलावंताला फक्त कदर हवी असते. यात मी कुणाबद्दल बोलत होतो, कुणास ठाऊक.

डिसेंबरात अथेन्सहून फोन आला. टीव्हीच्या एका मालिकेत लग्न होतं आणि नवरदेवाचा आजोबा हवा होता. दोन सीन. काका आमच्याकडे येऊन हे सांगत होते तेव्हा हातातला वडा खाली ठेवायचंही त्यांना भान नव्हतं. या वेळी नवरी पळते का, बायकोने विचारलं. नाही पळत, ते म्हणाले, या वेळी लग्न लागतं. मी म्हणालो, दोन सीनसाठी एवढं लांब जायचं? त्यांनी माझ्याकडे असं बघितलं की मला माझा प्रश्न परत घ्यावासा वाटला. एकात क्लोजअप आहे, ते म्हणाले. त्यांची मुलगी खिडकीशी जाऊन उभी राहिली. मला फार वाईट वाटलं, तिच्यासाठी आणि स्वतःसाठीही. शनिवार दुपार मला त्या माणसाशिवाय आता नको होती.

सॅन फ्रान्सिस्कोच्या विमानतळावर मीच त्यांना गाडीने घेऊन गेलो. तेव्हा निरोप द्यायला थेट गेटपर्यंत जाता यायचं. काकांच्या हातातल्या पिशवीत बायकोने दिलेले वडे होते. मुलगी मला म्हणाली, मी खूप वेळा विचारलं, आता तू विचार, तुझं ते ऐकतात. म्हणून मी विचारलं.

"काका, परत येणार ना?"

त्यांनी हनुवटी वर केली. आता मला त्याचा अर्थ न कळायला काही झालं नव्हतं. तरीही मी तेच, मोठ्याने विचारलं. हनुवटी पुन्हा वर गेली, पण या वेळी सावकाश. मी आणखी मोठ्याने विचारलं. रांगेतले लोक वळून बघायला लागले. बोर्डिंग पास तपासणारी बाई थांबली. काकांच्या लक्षात आलं मी काय करतोय ते. त्यांचे डोळे भरून आले. मग त्यांनी मान डुलवली, या खांद्याकडून त्या खांद्याकडे, आमच्यातल्या कुणीही डुलवावी तशी.

"बगू," ते म्हणाले.

आणि गेले. त्यांच्या मुलीने माझा दंड धरून विचारलं, म्हणजे हो ना? हो म्हणाले ना ते? तिला काय सांगायचं असतं अशा वेळी? "ने," मी म्हणालो. तिच्या भाषेत.

त्या शनिवारी संध्याकाळी मी सांगलीला फोन लावला. डॉक्टरांच्या घरी कुकरची शिट्टी झालेली ऐकू आली, मग आईच्या बांगड्या, मग आई. पोरं कशी आहेत, थंडी आहे का, हे झालं. मग तिने दर वेळचं विचारलं. "या वर्षी येताय ना?"

शब्द तोंडाशी आला आणि तिथेच थांबला. दोन दिवसांपूर्वी तोच शब्द मला कुणीतरी म्हटला होता, आणि तो ऐकायला कसा लागतो ते मला पहिल्यांदाच कळलं होतं. आईने पुन्हा, मोठ्याने विचारलं, "येताय ना?" इतकी वर्षं मी समजत होतो की तिला लाइनमुळे ऐकू येत नाही. तिने तिसऱ्यांदा विचारलं, परक्या घरात, डॉक्टरांच्या सगळ्या माणसांसमोर, होता नव्हता तेवढा आवाज काढून.

"ओरडू नकोस आई," मी म्हणालो. "लाइन चांगली आहे आज."

"ठाऊक आहे मला," आई म्हणाली. "मग?"